चाळीस सेकंदांची विहीण

...नाही, मी म्हणते, मग ही जर्मन माणसं एकमेकांना भेटतात तरी कशाला? महिनाभर बघतेय मी मोबाईलवर ते शिकवणीचे व्हिडिओ. आना येते, पेटर येतो. 'गुटन टाग, कशा आहात?' 'छान, डांके, आणि आपण?' डांके म्हणजे आभार. 'मीही छान.' आउफ वीडरझेन, म्हणजे पुन्हा भेटू, आणि चालले आपापल्या वाटेनं. चाळीस सेकंदात संपलं. अहो, गुडघ्यांचं विचारा, चहाचं विचारा...

आता या वयात मला ही हौस का? तर आमची उत्कर्षा. आयटीच्या नोकरीसाठी जर्मनीला गेली आणि लुकास नावाचा मुलगा ठरवून बसली. मी वर्षभर घुम्यासारखी गप्प. मग तिचा फोन, 'आई, रविवारी त्याची आई तुला व्हिडिओ कॉल करणारे. तुझा होकार त्यांना तुझ्या तोंडून ऐकायचाय.' खरं सांगू, मनातून मी केव्हाच हो म्हटलं होतं. 'मुलगा आम्हाला पसंत आहे' हे वाक्य तिनं जर्मनमध्ये लिहून पाठवलं, ते मी फ्रीजवर चिकटवलं.

बरं, आमच्याकडे सकाळ-संध्याकाळ एकच जयभीम. त्यांचं सकाळचं वेगळं, दुपारचं वेगळं, संध्याकाळचं वेगळं. आमचे हे विचारतात, 'घड्याळ आपलं धरायचं की त्यांचं?' पस्तीस वर्षं कारखान्यात शिफ्ट केलेला माणूस, प्रश्न बरोबर होता. त्यांचं धरलं.

रविवारी बाई आल्या पडद्यावर. गोड बाई हो. गुटन टाग. छान. डांके. एक अक्षर चुकले नाही. आता आपली पद्धत काय? मुद्द्याचं बोलायचं ते उठल्यावर. 'बराय, निघते' म्हणायचं, चपला पायात घालायच्या आणि मग दारात अर्धा तास खरं बोलायचं. विश्रांतवाडीतली अर्धी लग्नं अशी दारातच ठरलीत. म्हणून मी म्हटलं, आउफ वीडरझेन. चष्मा लावला, कागद उघडला, 'बरं का...' म्हणून वर बघते तर पडदा काळा. चाळीस सेकंदात संपलं.

लगेच उत्कर्षाचा फोन. 'आई, तुला अजूनही राग आहे ना? त्या रडतायत इकडे.' मी कागद हातात धरून उभी.

समजावलं तिला. तिनं त्यांना समजावलं. आता डिसेंबरात लुकासचे आई-वडील पुण्याला येतायत, होकार समक्ष ऐकायला. येऊ देत. मी फक्त एक करणारे. आल्या आल्या त्यांचे बूट उचलून कपाटात ठेवणारे.