त्या पत्रातला ‘आम्ही’

सुमतीकाकू, आणि एवढ्या बर्फातून आलेले तुम्ही सगळे,

दाराशी बुटांचा एवढा ढीग मी या हॉलमध्ये गणपतीतसुद्धा पाहिलेला नाही. विंडसरहून तीन गाड्या आल्या आहेत. ओटावाची मंडळी कालच येऊन थांबली आहेत. सर असते तर म्हणाले असते, “अरे, वाचनाला या म्हटलं तर तुम्हाला बर्फाचे टायर बसवायचे राहिल्याचं आठवतं, आणि आज बरे आलात!”

मी बोलणं कागदावर लिहून आणलं आहे. न लिहिता बोलले तर मी सोयीचं तेवढंच बोलेन. मी स्वतःला ओळखते. मधे थांबले तर जरा सांभाळून घ्या.

सर गेले. बेहेरे सर गेले. मंगळवारी सकाळी, हॉस्पिटलमध्ये, काकू शेजारी बसलेल्या असताना. हे वाक्य मी घरी चार वेळा मोठ्याने म्हणून पाहिलं. चारही वेळा ते दुसऱ्याच कुणाबद्दल असल्यासारखं वाटलं.

जे इथे नवीन आहेत त्यांच्यासाठी सांगते. सदानंद बेहेरे चाळीस वर्षांपूर्वी नागपूरहून इथे आले आणि रिटायर होईपर्यंत युनिव्हर्सिटीत इंग्रजी नाटक शिकवत राहिले. त्यातही त्यांचा जीव होता चारशे वर्षांपूर्वीच्या राजनाटकांत. राजा गादीवर कसा बसतो, त्याला खाली कसं ओढतात, ओढणारे कोणती भाषा बोलतात. आपल्या मंडळात इंजिनियर फार, डॉक्टर फार. सुरुवातीला लोकांना वाटायचं, हा माणूस या बर्फात कुठल्या राजांचं घेऊन बसलाय? पण दर हिवाळ्यात, रविवारी दुपारी, त्यांच्या बेसमेंटमध्ये मराठी नाट्यवाचन व्हायचं आणि तिथे बसायला जागा मिळायची नाही. नाटक सर निवडायचे. कामं सर वाटायचे. मधल्या सुट्टीत सगळ्यांचा चहाही सरच करायचे. त्या पातेल्याला कुणाला हात लावू द्यायचे नाहीत.

मी नीलिमा, मंडळाची सेक्रेटरी. इथे हॉस्पिटलच्या लॅबमध्ये काम करते. मी साहित्य शिकलेली नाही. जे थोडंफार कळतं ते त्या बेसमेंटमध्ये कळलं.

मी कॅनडाची नागरिक झाले त्या दिवशी सर समारंभाला आले होते. आपण उजवा हात वर करून राणीशी आणि तिच्या वारसांशी एकनिष्ठ राहायची शपथ घेतो, ती मी घेतली. बाहेर आल्यावर सर म्हणाले, “काय सेक्रेटरीबाई, झालीस प्रजा?” मी म्हटलं, “झाले, सर.” तर म्हणाले, “वारसांनासुद्धा शब्द देऊन आलीस? अगं, वारस कसा निघतो ते तरी आधी बघायचंस! मी जन्मभर तेच शिकवतोय.” पार्किंगमध्ये आम्ही दोघं इतके हसलो की माझ्या नवऱ्याला वाटलं, माझा फॉर्म रिजेक्ट झाला आणि मला वेड लागलं.

त्यानंतरच्या हिवाळ्यात सरांनी त्यांच्या आवडीचं एक राजनाटक स्वतः मराठीत आणायला घेतलं. गादी सोडाव्या लागणाऱ्या राजाचं नाटक. मी टाइप करायला बसायचे. आणि एका शब्दावर सरांची गाडी अडली. तीन रविवार अडली. शब्द कोणता? ‘आम्ही’.

इंग्रजी राजा स्वतःला ‘वी’ म्हणतो. एकटाच असतो, पण म्हणतो ‘वी’. सर म्हणाले, “इंग्रजीत या राजाचं बरं आहे. ‘वी’ म्हणतो आणि त्यात आपण आहोत की नाही हे दरबाऱ्यांना शेवटपर्यंत कळत नाही. मराठीत दोन खोल्या आहेत. ‘आम्ही’ म्हणजे दार बंद, तू बाहेर. ‘आपण’ म्हणजे दार उघडं, तू आत. आता या राजाला कुठल्या खोलीत बसवू, सांग.” मी म्हटलं, “सर, सरसकट ‘आम्ही’ टाकते.” ते म्हणाले, “टाक. आणि गादी गेली की त्याला ‘मी’ म्हणू दे. तिथे प्रेक्षकांना कळेल, याचं काय गेलं ते.”

आणि राजाला काढणाऱ्यांबद्दल ते जे म्हणाले ते मी त्याच दिवशी डायरीत लिहून ठेवलं. मी रोज डायरी लिहिते. सर म्हणाले, “राजाला काढणारा माणूस ‘मला गादी हवी’ असं कधी म्हणत नाही. ‘राज्याला असं वाटतं’ म्हणतो. ‘प्रजेला वाटतं’ म्हणतो. ही नाटकं लिहिणारे स्वतः एका राणीच्या राज्यात राहत होते. सरकारी माणसाने पास केल्याशिवाय नाटक उभं राहायचं नाही. त्यामुळे कोण कुणाच्या नावाने बोलतंय, याकडे त्यांचे कान फार तिखट होते.”

हे सगळं मी ऐकलं होतं. मी टाइप केलं होतं. हे लक्षात असू द्या.

ते नाटक आपण वाचलं. राजा सर स्वतः होते. त्या दुपारी हजर असलेले बरेच जण आज इथे आहेत. गादी सोडायच्या प्रवेशात सर एक पान दोनदा वाचून गेले. मग थांबले. खूप वेळ थांबले. मागे कुणीतरी हसलं. काकूंनी पुढे होऊन पान उलटून दिलं आणि सर म्हणाले, “माफ करा, महाराज वाट चुकले.” सगळे मोकळेपणाने हसले, वाचन पुढे गेलं, संपलं. चहा झाला. कुणाला काही वाटलं नाही.

मला वाटलं.

दोन आठवड्यांनी मी सरांना पत्र लिहिलं. ईमेलच, पण मराठीत, अगदी व्यवस्थित. ते मी इथे वाचून दाखवणार आहे. दोनच वाक्यं आहेत. “इतकी वर्षं आपण जे केलंत त्याबद्दल आम्ही सदैव ऋणी राहू. आता वाचनाची धावपळ नव्या लोकांकडे सोपवून आपण विश्रांती घ्यावी, असं आम्हांला मनापासून वाटतं.” खाली माझं नाव, आणि त्याखाली ‘मंडळाच्या वतीने’.

संध्याकाळी सरांचा फोन आला. आवाज नेहमीचा, चेष्टेचा. “अगं सेक्रेटरीबाई, ‘आपण विश्रांती घ्यावी’ लिहिलंयस. म्हणजे मी एकटा, की तूही येतेस आराम करायला?” मी हसले. मग ते म्हणाले, “बरं, यातला ‘आम्ही’ कोण?”

मी म्हटलं, “कमिटी, सर.”

“सगळे?”

मी म्हटलं, “सगळे.”

 मग म्हणाले, “सगळ्यांना वाटतंय ना, मग ठीक आहे. मला आधी कळायला हवं होतं.” आणि फोन ठेवला.

मित्रहो, कमिटीची मीटिंग झालीच नव्हती.

जयंतराव, तुम्ही अध्यक्ष होतात, आजही आहात. तुम्हाला मी काय सांगितलं होतं ते तुम्हाला आठवत असेल. “सर म्हणाले, आता झेपत नाही, थांबतो.” तुम्ही म्हणालात, “अरेरे, मी बोलू का त्यांच्याशी?” मी म्हटलं, “नको, त्यांना अवघड वाटेल.” विद्या, तू म्हणालीस, “असे कसे थांबले? आम्हाला एक फोनसुद्धा नाही?” तुला वाईट वाटलं होतं. तू रागावलीही होतीस. मी गप्प बसले.

इकडे सरांना सांगितलं, सगळ्यांना तुम्ही नको आहात. तिकडे तुम्हाला सांगितलं, सरांनाच नकोसं झालंय. दोन्ही खोटं. दोन्ही मी.

का केलं? डायरीत त्या दिवशी मी लिहिलं, ‘सरांची फजिती मला बघवत नव्हती.’ दुसऱ्या दिवशी ते वाक्य मी खोडलं. त्याच्या जागी लिहिलं, ‘कुणीतरी हे करायला हवंच होतं.’ तेही खोडलं. खरं वाक्य लिहायला मला दोन वर्षं लागली. ते असं आहे: नाटक निवडण्याचं, कामं वाटण्याचं, मधे बसून सगळ्यांना ‘हं, पुढे’ म्हणण्याचं ते काम मला हवं होतं. सरांची फजिती मला बघवत नव्हती, हेही खोटं नाही. पण ते मला सोयीचं पडलं.

आणि मला ते काम मिळालं. तुम्ही मोठ्या मनाने दिलंत. दोन हिवाळे मी केलं, सरांच्या बेसमेंटऐवजी या हॉलमध्ये.

त्या दोन वर्षांत सर मंडळात आले नाहीत. दिवाळीला नाही, संक्रांतीला नाही. लोक म्हणाले, वय झालं. लोक म्हणाले, प्रोफेसर आहेत, मानी आहेत. ते मानी नव्हते हो! नको असलेल्या जागी जाऊ नये, एवढीच त्यांची समजूत होती, आणि इथे ते नको आहेत असं त्यांना मी सांगितलं होतं.

गेल्या महिन्यात ते माझ्याच हॉस्पिटलमध्ये दाखल झाले. माझी लॅब खाली, ते चौथ्या मजल्यावर. नऊ दिवस मी लिफ्टपर्यंत जाऊन परत येत होते. दहाव्या दिवशी गेले. मनाशी वाक्य ठरवून गेले होते: सर, तो ‘आम्ही’ मी एकटी होते.

सर जागे होते. बारीक झाले होते. मला बघून म्हणाले, “ये. या वर्षी काय वाचताय?” मी नाटकाचं नाव सांगितलं. “चांगलं आहे,” म्हणाले. मग विचारलं, “चहा कोण करतं गं?”

मी म्हटलं, “आता कॉफी शॉपमधून चहाचा तयार बॉक्स आणतो, सर.”

“छे,” म्हणाले. “अगं, बॉक्समधल्या चहाला आलं कोण घालणार?” आणि डोळे मिटून घेतले.

मी ठरवलेलं वाक्य म्हटलं नाही. नर्स आली, असं मी नंतर स्वतःला सांगितलं. नर्स मी निघाल्यावर आली.

मी समजत होते, मी एका राजाची गादी घेतली. दोन वर्षं त्याच अपराधाची मी मनात उजळणी करत होते, आणि खरं सांगायचं तर त्यातही मला थोडं मोठं झाल्यासारखं वाटायचं. त्या माणसाला गादीचं काहीच नव्हतं. त्याला रविवारी दुपारी तीस माणसांचा चहा करायचा होता. मी तो त्याच्याकडून काढून घेतला.

परवा मी काकूंना फोन करून हे सगळं सांगितलं. काकूंनी सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाल्या, “मला एकटीला कशाला सांगतेस? त्यांनी सगळ्यांचं लावून घेतलं होतं मनाला. एकेकाचं नाव घ्यायचे. जयंताने असं कसं म्हटलं असेल, विद्याने असं कसं म्हटलं असेल. सगळ्यांसमोर सांग.” मी म्हटलं, “सांगते.” तर म्हणाल्या, “आणि स्पष्ट वाच. रडत वाचलेलं त्यांना ऐकू यायचं नाही.”

काकू, मी स्पष्ट वाचायचा प्रयत्न करते आहे.

तुम्ही मला माफ केलं आहे असं तुम्ही म्हणाला नाहीत, आणि मीही विचारलं नाही. ते आज विचारायचं नाही, एवढं मला कळतं.

जयंतराव, विद्या, आणि त्या कमिटीतले बाकीचे सगळे: तुम्ही सरांना कधीच ‘थांबा’ म्हटलं नाही. सरांना हे कळायला हवं होतं. त्यांना आता कळणार नाही. पण काकूंना, त्यांच्या मुलाला, आणि तुम्हाला एकमेकांत तरी ते माहीत असावं, म्हणून मी इथे उभी आहे. सेक्रेटरीचं काम मी आजपासून सोडते. जयंतराव, तसं पत्र मी आणलं आहे. छोटं आहे, आणि यावेळी त्यात फक्त माझंच म्हणणं आहे.

पत्रिकेत छापलं आहे की मी मंडळाच्या वतीने श्रद्धांजली वाहीन. तो अधिकार मला नाही. मंडळाची श्रद्धांजली अध्यक्ष वाहतील.

आता आपण दोन मिनिटं उभे राहू या. काकू, तुमचे गुडघे दुखतात, तुम्ही बसा. गेली दोन वर्षं ज्यांनी सरांना फोन केला नाही, सरांनाच आपण नकोसे झालो असं वाटून ज्यांनी केला नाही, त्यांनी या दोन मिनिटांत त्यांच्याशी काय बोलायचं ते बोलून घ्या. हवामान विचारा. तब्येत विचारा. चेष्टा करा त्यांची, त्यांना चालायची.

आधी तुम्ही सगळे बोला. सर, माझी पाळी शेवटी.