सुटला की सोडला

भरोसा कोनावर ठेवावा सांगा माधवीताई — आपल्या डोयावर का तुमच्या कॅमेऱ्यावर? बसा, बसा, चहा येऊन राहिला. अकोल्याची बस काही पयून नाही जात. मी शिकलेला मानूस नाही, पन या अमरावतीत खेळाचं सामान विकता विकता सारं शिकलो. दोरी हातात आली की सांगतो, हे मल्लखांबाले चालन का बैल बांधाले. तुमी तो कॅमेरा दोरीच्या वरच्या टोकाले उलटा टांगला, तवा मी हासलो. म्हटलं, वरून काय दिसन, पोरीची टाळू? अन् वरून ते सारं इतकं हळू चालवलं, की पाहनाऱ्याले जांभई याव. कला असन, मी कुठी नाही म्हनतो — मोर्शीचा एक गिऱ्हाईक बॉल संत्र्यावानी हुंगून घेये, त्याचीबी कलाच.

पन तुमचं शूटिंग चालू असतानीच आमची प्राजक्ता दोरीवरून पडली. गादी होती म्हनून पायावर निभावलं. म्हने, बाबा, हात सुटला. उस्ताद देवरावबी तेच म्हनले. मी लगेच नवी दोरी आनली, पाय बरा झाल्याबरोबर निवडचाचनीत नाव देल्लं — आपली पोरगी हाय, थांबून कसं चालन? अन् काल तुमची कच्ची फिल्म आली. पोरगी वर येते, सीधी कॅमेऱ्याकडं, चेहरा मोठा होत जाते — किती थकेल दिसते हो! घरात नाही दिसली कधी. मंग बोटं. एक एक. आमच्या वच्छलानं, तिच्या मायनं, एकदाच पाहलं, अन् म्हने, “हात सुटला नाही जी. सोडला.”

भांडलो मी तिच्यासंग. अन् रातभर तेच पाहत बसलो.

आता तुमी म्हनता, फिल्म उलटी चालवू, पोरगी खालून उडून दोरी धरन, लोक टाळ्या वाजवतीन. नोका चालवू. उलट्यात ती आपल्या खुशीनं वर गेल्यावानी दिसते — मले इतके वर्स तेच तर दिसत आलं.

चाचनी? सकायीच नाव काढून आलो. नाही, तिले नाही विचारलं. नाव देतानी तरी कुठी विचारलं होतं... असो. चहा राहू द्या, निघा तुमी, बस भरून जाईन. फक्त फिल्म जोडतानी हिशोब इमानदारीनं ठेवजा — किती ती चढली, अन् किती मी चढवली.