करंटला वाट विचारायची नसते

करंटला वाट विचारायची नसते, हे आमच्या घरातलं पहिलं कलम, आणि का म्हणून विचाराल तर तेही विचारायचं नसतं, हे दुसरं! दोन्ही कलमं आमच्या आबांची. आबा म्हणजे माझे आजोबा, कडुबा, बत्तीस वर्षं लाईनमन, रिटायर होऊन सतरा वर्षं झाली, पण तुम्हाला सांगते, अजून घरातला बल्ब गेला की खुर्चीत बसून हुकूम सोडतात आणि स्टुलावर चढते दुसरीच. "करंट त्याच्या मर्जीनं जातो, पोरी. जिकडं सोपं, तिकडं. आपण मधी पडायचं नाय."

आणि मी चार वर्षं घालवून शिकले काय? नेमकं मधे पडायचं!

चितेगावच्या एका कारखान्यात कामाला आहे मी. कपाटाएवढी यंत्रं बनवतो आम्ही. तोंड वाकडं करू नका, सोपं आहे, ऐका. दोन मोठ्या लाईनी आहेत, टॉवरवरच्या, एक जवळून जाणारी, एक लांबून. जवळची अडवते कमी, म्हणून वीज जास्त करून तिच्यातूनच धावते. ती बिचारी तापते, तार लोंबायला लागते... आणि लांबची? अर्धी रिकामी, आरामात. आता नवे टॉवर उभे करायला जागा कोण देतो? म्हणून आमचं यंत्र. आत इलेक्ट्रॉनिक स्विच, हलणारं काही नाही, पापणी लवायच्या आत शेकडो वेळा उघडझाप, आणि त्यानं होतं काय, तर भरलेली लाईन विजेला जरा जड वाटायला लागते, रिकामी जरा हलकी. वीज आपसूक वळते. तार तीच, टॉवर तेच!

हे मी आबांना सांगितलं. ते म्हणाले, बत्तीस वर्षांत असलं काही बघितलं नाही, म्हणजे ते नसतंच. झालं. करंटला वाट विचारायची नसते.

आता आमच्या घरातल्या दोन लाईनी सांगते. एक आई, मालन. दुसरा माझा भाऊ आकाश, वय वर्षं सव्वीस, धडधाकट. आकाशला पाणी मागा. "ग्लास कुठंय? माठातलं का फ्रीजमधलं? आत्ताच पायजे का?" तिसऱ्या प्रश्नाला तहान मरते आणि माणूस स्वयंपाकघराकडं तोंड करून म्हणतो, "मालन..." की पाणी हजर. पप्पा गेले तेव्हा मी सातवीत होते. तेव्हापासून आई सकाळी अंगणवाडीत मदतनीस, आणि उरलेला सगळा दिवस आमची मदतनीस. आबांची गोळी, मालन. आकाशचा शर्ट, मालन. आमची आत्या लक्ष्मीबाई चार घरं सोडून राहते, पण तिचं निवडायचं धान्य आमच्या घरी, शहागंजातून आणलेल्या साडीला फॉल लावायचा तो आमच्या घरी, का? तर मालन अडवत नाही. आणि कौतुक तर केवढं! "मालन कधी नाय म्हनली नाय हो!" प्रत्येक कार्यक्रमात, चारचौघांत. ती वाढत असायची, बाकीचे जेवता जेवता म्हणायचे.

एकदा भाकरी थापता थापता तिनं मला विचारलं, तू दिवसभर करतीस तरी काय. मी तिला दोन लाईनींची गोष्ट सांगितली. तिनं भाकरी तव्यावर टाकली, वरून पाणी फिरवलं, आणि म्हणाली, "म्हंजे तुझं यंत्र तारेच्या वतीनं नाय म्हनतं व्हय?"

चार वर्षांत एकाही सरांना हे एका वाक्यात सांगता आलं नव्हतं, तुम्हाला सांगते. मी म्हटलं, अगं सगळंच नाही म्हणत नाही, झेपेल तेवढं तिच्यावर, बाकीचं दुसरीकडं.

भाकरी उलटली तिनं. "बरंय," म्हणाली. "तारेला कुनीतरी हाय."

आणि मी काय केलं? हुशार मुलगी, पदवीधर, आबांना तोंडावर बोलणारी, मी काय केलं असेल? दुसरी भाकरी मागितली!

एप्रिलमध्ये आबांची पंच्याहत्तरी निघाली. ऐंशी माणसांचं जेवण, मांडव घातला, खुर्च्या आणल्या, आचारी मात्र नाही, का तर मालन आहे की. आठवडाभर तिच्या छातीत दुखत होतं. पित्त हाय, म्हणायची. नेमकी त्याच दिवशी कारखान्यात आमच्या यंत्राची चाचणी. मी सकाळी घाईत. आई, डबा. आई, ओढणीला इस्त्री. आई, माझं ओळखपत्र कुठंय? तिन्ही आणून दिली तिनं. आणि मग दाराची चौकट धरून जराशी उभी राहिली. मी बघितलं हो... मी बघितलं. पण कंपनीची बस आली होती.

अकरा वाजून वीस मिनिटांनी चितेगावात, नमुन्याच्या दोन लाईनींवर, पहिल्या लाईनीचा काटा खाली आला आणि दुसरीचा वर गेला. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मीही वाजवल्या. फोन लॉकरमध्ये वाजत होता. आई शेगडीपाशी पडली होती, दवाखान्यात नेईपर्यंत सगळं संपलं होतं.

करंटला वाट विचारायची नसते.

आता एक गोष्ट आबांनाही माहीत आहे, बत्तीस वर्षांत त्यांनी बघितलेली. एक लाईन बंद पडली की तिचा लोड कुठं हवेत जात नाही. त्याच क्षणी शेजारच्या लाईनीवर पडतो. तिला नाही झेपला, तर तीही पडते. मग तिसरी.

काल आईच्या मागचा विधी, पुण्यानुमोदन, झाला. भंतेजी गेले, सतरंज्या गुंडाळल्या, आणि घरातली, भावकीतली सात मोठी माणसं बसली. मला मधे बसवलं. आईच्या फोटोचा हार अजून ओला होता. आत्यानं सुरुवात केली, इतक्या मायेनं की मला आधी कळलंच नाही. "मोनाली, नोकरी सोड बाई. आबाचं कोन बघंल? आकाशचं लगीन होईस्तोवरच. मग सून येईलच की."

बघा! तिसरी लाईनसुद्धा ठरवून ठेवली होती. कोणाची तरी लेक, कुठल्या तरी गावात आत्ता परीक्षेचा अभ्यास करत बसली असेल, तिला पत्ताच नाही!

आणि सोमवारी आमचं यंत्र खऱ्या सबस्टेशनात बसायचंय. पंधरा दिवसांचं काम, सोबत जायला माझं नाव लागलंय. हे मी सांगितलं. आकाश मोबाईल बघत होता. आबांनी मान हलवली, एकदम शांतपणे, काम संपवून खांबावरून उतरलेल्या माणसासारखी. "जिकडं सोपं, तिकडंच जातं, पोरी. घराचं बी तसंच हाय."

"नाही," मी म्हटलं.

ओरडले नाही. ओरडायची तयारी करून बसले होते, पण आवाज आईसारखा निघाला. "तिला सोपं नव्हतं, आबा. ती फक्त अडवत नव्हती. मी सोमवारी जाणार."

त्या घरात बाईच्या तोंडून आलेला तो पहिला नकार, तुम्हाला सांगते. आत्यानं पदर तोंडाला लावला. आकाशनं मोबाईल खाली ठेवला. आबा भिंतीकडं वळले, घसा खाकरला, आणि सवयीनं, निव्वळ सवयीनं, स्वयंपाकघराकडं तोंड करून म्हणाले, "मालन, जरा च्या..."

आणि थांबले.

सात मोठी माणसं, सगळी बसल्या जागेवरून माझ्याकडं बघायला लागली. चहा ठेवायला उठेल अशी त्या खोलीत मी एकटी. आणि मी उठले नाही... तेव्हा काल आमच्याकडं कोणीच चहा प्यायलं नाही.