पडद्याआडची खूण

ज्ञानेश्वरी (मुंबईहून फोनवर) : …अन् माझा अभिनय झाल्यावर परीक्षक बाई म्हणाल्या, "इथं एवढं ओरडायची गरज नाही." सगळे हसले, तात्या.

छगनतात्या : हसले तर बरंच की! सोंगाड्याचा जलम माझा. लोकांनी हसावं म्हनून तर गाढवाचं शेपूट लावून नाचलो.

ज्ञानेश्वरी : चेष्टा नका करू. उद्याच्या शूटिंगला असंच झालं तर टीव्हीच्या कार्यक्रमातून काढतील मला. त्यापेक्षा आजच एसटी धरते, मिरजगावला येते. फडात जागा आहे ना माझी?

बनुबाई : हाय की गं बाई! ये तू. मी कवापास्नं म्हनतीय—

छगनतात्या : जरा दम धर, बने. ज्ञानू, जागा हाय. पर तू ओरडलीस का?

ज्ञानेश्वरी : तुम्हीच शिकवलंय. शेवटच्या रांगेमागं चहावाला असतो, त्याच्या किटलीपर्यंत आवाज गेला पायजे.

छगनतात्या : आन् तिथं चहावाला कुठं बसतोय?

ज्ञानेश्वरी : कुठंच नाही. नाकासमोर कॅमेरा. म्हणतात, कमी करा, अजून कमी करा. मला कमी करताच येत नाही, तात्या.

छगनतात्या : येतंय. श्रीगोंद्याच्या जत्रंत वग रंगात आल्ता आन् तुज्या पदराची पिन सुटली. पडद्याआडच्या ह्या बनुमावशीला कसं सांगितलंस? ओरडून?

ज्ञानेश्वरी : काहीतरीच! नुसतं बघितलं.

बनुबाई : आन् मला कळलं! तोंडानं रानीचं बोलनं चालू, डोळा माज्याकडं. राजा झालेला वाल्मिक शेजारी हुता, त्याला पत्ता न्हाई. गिरकी घेत पडद्यापाशी आली, म्या फटीतनं हात घालून पिन लावली.

छगनतात्या : बघ. चहावाल्याला ऐकू जाईल असं तुला येतंय, आन् मावशीला कळंल असं बी येतंय. फडात पैलं लागतं, तिथं दुसरं. कॅमेऱ्याच्या जागी मावशी उभी कर.

ज्ञानेश्वरी : इतकं सोपं असतं व्हय!

छगनतात्या : आता आली माज्या भाषेवर! सोपं कुठं म्हनलं मी? करून बघ. बने, धर मोबाईल. अगं, कानाला न्हाई, तोंडासमोर!

बनुबाई : धरलाय. दिसतीय. लई वाळलीय वो पोर. जेवाय घालत्यात का न्हाई तिथं?

छगनतात्या : जेवनाचं मागनं इचार. ज्ञानू, राजा लढाईला निघालाय. रानीचं बोलनं म्हन. मावशी पडद्याआड हाय.

(ज्ञानेश्वरी हळू आवाजात राणीचं बोलणं म्हणते. मग नुसतीच बघत राहते.)

छगनतात्या : काय गं बने, कसं वाटलं? …बने? उठलीस कुठं?

बनुबाई : पिनांची डबी कुठं ठिवली वो?

छगनतात्या : अगं, ती मुंबैत हाय!

बनुबाई : …व्हय की.

ज्ञानेश्वरी : तात्या, एसटी राहू द्या. उद्या जाते मी शूटिंगला.

बनुबाई : जा, बाई. पर पदराला दोन पिना लाव. तिथं मागं मी न्हाई.