वारलूभाऊंनी माईक बंद केला नाही

आजच्या सोहळ्याच्या अध्यक्ष आदरणीय गुणाबाई, मंचावरील पाहुणे, आपल्या रेडिओ केंद्रातून आज निवृत्त होणारे वारलूभाऊ, आणि धान कापणी सोडून वडशाला आलेल्या रसिकहो, सगळ्यांना माझा नमस्कार.

मी रीता. भाऊंच्या नाटक मंडळात नाचणारी, आता त्यांच्याच केंद्रात निवेदन करणारी. सत्काराच्या दिवशी गोड बोलावं असं आयोजकांनी सुचवलंय. प्रयत्न करते.

भाऊ झाडीपट्टीच्या रंगभूमीवरचे नावाजलेले खलनायक. ते मंचावर आले की बाया लेकरांना पोटाशी धरायच्या. मग ते नट राहिले का नाहीत? गोंडपिपरीकडच्या एका गावात चार दारुडे मंचावर चढले आणि माझा हात धरून मला ओढू लागले. भाऊ आडवे आले. त्या लोकांनी मंडपाचा बांबू उपसून भाऊंचा गुडघा फोडला. हाड बाहेर आलेलं मी पाहिलं. आणि लोक टाळ्या वाजवत होते. त्यांना तो नाटकातलाच प्रसंग वाटला.

पाय वाकेना, तेव्हा भाऊ मंडळाचे व्यवस्थापक झाले. करार करताना पहिली अट घालायचे, बायांच्या राहण्याच्या खोलीला आतून कडी हवी. गावाने कुरकूर केली, तर तिथला प्रयोग घ्यायचे नाहीत. पुढे हे केंद्र निघालं, आणि ते चालवायला भाऊंनाच बोलावलं.

समोर बुधरीबाई बसल्या आहेत. त्या भाऊंच्याच गावच्या. गावात तापाने दोन मुलं गेली, तेव्हा यांनीच करणी केली म्हणत लोकांनी त्यांना खांबाला बांधून मारलं. एक डोळा गेला. गावात कुणी साक्ष देईना. त्या केंद्रात आल्या आणि म्हणाल्या, "मले बोलू द्या." भाऊंनी त्यांना दुपारच्या कार्यक्रमात थेट माईकसमोर बसवलं.

बाई बोलत असतानाच दार फुटलं. काठ्या घेऊन तिघे आत शिरले. मी काचेपलीकडे यंत्रावर होते. भाऊंनी माझ्याकडे पाहून मान हलवली, बंद करू नको म्हणून. आणि मग साऱ्या तालुक्याने भाऊंचा आवाज ऐकला.

"इसरू, काठी खाली ठेव. चैतू, बाईचे केस सोड."

काठी अंगावर बसल्याचा आवाज. बाईंची किंकाळी. भाऊ त्यांच्या अंगावर आडवे पडले होते. पाठीवर घाव बसत होते, तरी मंचावर बोलायचे तसा एकेक शब्द सुटा उच्चारत होते.

"आयकनाऱ्यांनो, हा सुनिल आहे. माया सख्खा लहान भाऊ. बुधरीबाईले खांबाले यानंच बांधलं होतं. आता मले मारून राह्यला."

सुनिलने लोखंडी स्टँड उचलून त्यांच्या कानावर घातला. रक्त काचेवर उडालं. तेवढ्यात बाजारातली माणसं आत घुसली. या वेळी टाळ्या वाजल्या नाहीत. दुकानदारांनी, धानाच्या हमालांनी तिघांना धरून पोलिसांच्या हवाली केलं. ते रेकॉर्डिंग कोर्टात वाजलं आणि तिघांनाही शिक्षा झाली.

भाऊंचा डावा कान गेला. आईने त्यांच्यासाठी घराचं दार बंद केलं, ते आजही उघडलेलं नाही. त्यांच्या घरचं आज इथे कुणीच नाही, हे तुम्हाला दिसतंच आहे.

दवाखान्यात मी विचारलं होतं, "भाऊ, सुनिलचं नाव काऊन घेतलं? बाकी दोघांचं पुरलं असतं."

ते म्हणाले, "त्याचं नाव गिळलं असतं, तर बुधरीबाईचं खरं कोनं मानलं असतं?"

अध्यक्षांचे, पाहुण्यांचे आणि तुम्हा सर्वांचे आभार. गोड बोलायचं राहूनच गेलं. एवढी चूक पोटात घाला. शाल बुधरीबाई घालतील. भाऊंना उठायला वेळ लागतो, तेव्हा आपणच उभे राहू या.