बाबागाडीतलं पीठ

(रोम, १९८१. दुपार. पटकथाकार ओस्वाल्दो अंथरुणाला खिळलेला. तीस वर्षं त्याच्यासोबत सिनेमे लिहिणारा दुइलिओ उशाशी, हातात टाइप केलेला कागद.)

दुइलिओ : ‘इटलीच्या हास्याचा महामेरू आज कोसळला...’

ओस्वाल्दो : आज नको. आज गुरुवार, घरात बटाट्याच्या न्योकी शिजतायत.

दुइलिओ : पेपरवाल्यांना मृत्युलेख आधीच लिहून लागतो. पोपचासुद्धा तयार असतो.

ओस्वाल्दो : माझं वजन अठ्ठेचाळीस किलो आहे. कसला महामेरू. पुढे वाच.

दुइलिओ : ‘पंचेचाळीस विनोदी चित्रपटांच्या लेखनात त्यांचा सहभाग होता...’

ओस्वाल्दो : सहभाग बरोबर आहे. पडद्यावर सहा नावं, त्यातले दोघं नुसते कॉफी प्यायला यायचे.

दुइलिओ : त्यातला एक मी, असंच ना?

ओस्वाल्दो : तू सिगारेटी तरी आणायचास. बाबागाडीचा प्रसंग कुठाय?

दुइलिओ : तो नाही घेतला.

ओस्वाल्दो : जर्मन पहारेकरी पुलावर बाबागाडी अडवतो, दुपट्यातल्या पिठाच्या पोत्याला बाळ समजून अंगाई म्हणतो, आणि गाडी पलीकडे जाते. अख्खा देश त्यावर हसला. तो नाही घेतला?

दुइलिओ : वीस वर्षं मुलाखतींत सांगत आलोय, तो मला सुचला म्हणून.

ओस्वाल्दो : वाचल्यात सगळ्या. सहा जणांत कोणी काय लिहिलं ते बाहेर बोलायचं नाही, हा आपला रिवाज. म्हणून गप्प राहिलो. पण तो कोणालाच सुचलेला नाही, घडलेला आहे. माझा भाऊ रेमो, एकोणीस वर्षांचा. चव्वेचाळीसचा मार्च, रोम जर्मनांच्या ताब्यात. घरात चार दिवस चूल पेटली नव्हती, म्हणून तो बाबागाडीतून पीठ आणत होता.

दुइलिओ : रेमो तर रशियाच्या आघाडीवर गेला म्हणाला होतास.

ओस्वाल्दो : तिथे बरेच जण गेले होते, पुढे कोणी विचारत नाही. पहारेकऱ्याने दुपटं उचललं. रेमोला पुलाच्या कठड्याशी उभं करून गोळी घातली.

दुइलिओ : टेबलावर तू तो प्रसंग वाचलास तेव्हा आम्ही हसून खुर्चीवरून पडलो होतो.

ओस्वाल्दो : मीही हसलो. शेवट बदलला होता ना. आईने सात वेळा पाहिला तो सिनेमा. पुरता कधीच नाही. गाडी पलीकडे गेली की उठून घरी यायची.

दुइलिओ : ...काय लिहू?

ओस्वाल्दो : रेमोचं नाव. आणि तो पलीकडे गेला नाही, एवढंच.

दुइलिओ : म्हणजे मी खोटा पडणार.

ओस्वाल्दो : तुझ्या मृत्युलेखात दुरुस्त करून घे.

दुइलिओ : बरं. लिहिलं.

ओस्वाल्दो : कुठे?

दुइलिओ : शेवटी.

ओस्वाल्दो : दुइलिओ, जागा कमी पडली की पेपरवाले शेवटूनच कापतात.

दुइलिओ : हो.

ओस्वाल्दो : ठाऊक असून शेवटी लिहिलंस. वर घे. माझं काहीतरी खाली ढकल.

दुइलिओ : घेतलं वर. पण जागा बारा ओळींची आहे, हे सोळा झालं. आता तुझे सिनेमे कापले जातील.

ओस्वाल्दो : सिनेमे राहू देत, त्यांच्या पैशांवर माझ्यामागे बायकोचं, फाउस्ताचं घर चालायचंय. वरच्या महामेरूच्या चार ओळी काढ, म्हणजे बसेल सगळं.

दुइलिओ : त्या संपादकाने स्वतः लिहिल्यात. छापखान्यात कालच खिळे जुळवून झाल्या, त्या आता हलायच्या नाहीत; कापायचं ते सिनेमांतून, नाहीतर रेमोतून.