मोटर म्हणजे आपला विषय

...आता माझं काय चुकलं ते तुम्हीच सांगा! समोर डॉक्टर बसलेत, शेजारी माझी पोरगी बसलीय, आणि डॉक्टर म्हणतात, हिची अडचण मोटर कोऑर्डिनेशनची आहे. मोटर! अहो, नाशकात द्वारका चौकाजवळ मोटर ड्रायव्हिंग स्कूल कुणाचं? माझं. अर्ध्या नाशिकला क्लच सोडायला कुणी शिकवलं? मी. अर्ध्या नाशिकच्या गाड्या चढावर मागं येतात त्याही माझ्यामुळंच, ते सोडा. तर मी खुर्ची पुढं ओढली आणि म्हटलं, "डॉक्टर, मोटर म्हणजे आपला विषय." टेबलाखालून भाग्यश्रीनं, म्हणजे आमच्या मंडळींनी, माझा पाय असा दाबला की मी जन्मात तसा ब्रेक दाबला नसेल.

तर आमची तेजस्विनी. आठ वर्षांची. पाढे विचारा, कोडी घाला, फटाफट उत्तरं. पण शर्टाची बटणं लावायला घेतली की खाली शाळेची रिक्षा हॉर्न वाजवून वाजवून दमते. दाराच्या चौकटीला धडकणार, पाणी पेल्यात कमी आणि ताटात जास्त. शाळेतल्या बाई म्हणायच्या हिचं लक्षच नसतं, देवळ्याहून आमच्या मातोश्रींनी फोनवरच निकाल दिला, "पोरले नजर लागेल शे." आणि संध्याकाळी सोसायटीतल्या पोरी सायकली काढायच्या तेव्हा ही जिन्यात बसून त्यांच्या पाण्याच्या बाटल्या सांभाळायची. एकदा तिथूनच मला विचारते, "पप्पा, मी मठ्ठ आहे का?"

माझी बडबड सिग्नललासुद्धा थांबत नाही, पण इथं नुसत्या बडबडीनं भागणार नव्हतं. म्हणून तर डॉक्टर गाठले.

डॉक्टरांनी सगळं तपासलं आणि नीट समजावलं, की हातापायांत दोष नाही, बुद्धीत तर नाहीच. फक्त मनात ठरतं ते हातापायांना जुळवून करायला तिला फार मेहनत पडते. आळस नाही, हट्ट नाही, अशी पुष्कळ मुलं असतात. ह्याला गोळी नाही, सराव आहे. आणि त्यांनी आम्हाला संध्या मॅडमकडं पाठवलं. ह्या थेरपिस्ट. मी जाता जाता भाग्यश्रीला म्हटलं, बघ तू, मोटर म्हणजे...

"माहितीय," ती म्हणाली.

मॅडमनी मला विचारलं, की पहिल्या दिवशी गाडीत बसलेल्या माणसाशी तुम्ही गप्पा मारता का? म्हटलं छे, नुसता रेडिओ लावला तरी गाडी बंद पाडतो.

"तेजूचा रोज पहिला दिवस असतो," मॅडम म्हणाल्या. "बटणाचा, चमच्याचा, जिन्याचा. तुम्हाला ते न बघता येतं, तिला प्रत्येक वेळी आठवून करावं लागतं."

तुम्हाला सांगतो, इतकी वर्षं हे धंद्याचं ज्ञान माझ्या खिशात होतं आणि मला ते घरी कधी वापरता आलं नाही. मग त्यांनी मला जाडजूड हातमोजे घालायला दिले आणि म्हणाल्या, लावा शर्टाची बटणं. मी घामाघूम! एक बटण भलत्याच काजात, कॉलर एक वर एक खाली... आणि तेजू माझ्याजवळ येऊन हळूच सांगते, "पप्पा, घाई करू नका. खालून सुरू करा."

मग घरचा अभ्यास. खेकड्यासारखं चालायचं, भिंतीवर चेंडू मारून झेलायचा, एका पायावर उभं राहायचं, आणि वडिलांनी सोबत करायचं! पार्किंगमध्ये मी पोट आभाळाकडं करून हातापायांवर आडवा चाललोय आणि वरच्या मजल्यावरचा किशोर विचारतो, "सर, लायसन जप्त झालं का?"

पुढं सायकल. मॅडम म्हणाल्या, पॅडल काढा, सीट खाली घ्या, पायानं नुसती ढकलू द्या, एका वेळी एकच गोष्ट, आणि ती तिची तिनं मोठ्यानं म्हणायची. सोपं होतं की नाही? पण मोटर म्हणजे आपला विषय ना, मी सुरू... हँडल सरळ, नजर समोर, पाठ ताठ, पाय वर, अगं ब्रेक, ब्रेक... पोरगी थेट मेंदीच्या कुंपणात. उठली, सायकल भिंतीला लावली आणि जिन्यात जाऊन बसली. दोन दिवस खाली आली नाही. मॅडमना सांगितलं तर त्या म्हणाल्या, "सर, तुम्ही तोंडात पाणी धरत जा."

आणि धरलं! महिनोन् महिने मी गाल फुगवून सायकलीमागं पळतोय. लोक नमस्कार करताहेत, मी नुसती मान हलवतोय. पॅडल परत बसली, पडणं चालूच, रडणं चालूच, माझे गाल फुगलेलेच. आणि परवा... ती पुटपुटली, "समोर बघ, ढकल, पाय," आणि निघाली की! डुगडुगत, वाकडीतिकडी, पण गेटपर्यंत गेली. मला ओरडायचं होतं शाबास, तोंडात पाणी, ते गेलं घशात आणि लागला ठसका. डोळ्यांत पाणी आलं ते त्या ठसक्यानंच, गैरसमज नको.

बरं, सायकलवरून उतरणं अजून पडूनच होतं. ताटात पाणी अजून सांडतं, रिक्षावाला अजून दमतो. मॅडम म्हणतात हे असं राहणार, हळूहळू तिची ती वाट काढेल. पण बाटल्या आता दुसरं कुणीतरी सांभाळतं.

गेटपाशी किशोरनं तिला विचारलं, की पप्पांनी शिकवलं का गं?

तिनं नीट विचार केला. खोटं तिला येत नाही. म्हणाली, "नाही काका. पप्पा गप्प बसले ना, म्हणून आलं."

सोसायटीभर झालंय आता हे. कालच किशोरनं त्याच्या बायकोचं नाव माझ्या क्लासला घातलं. एकच अट आहे त्याची... शिकवताना सरांनी बोलायचं नाही.